एखादाच रेडिएटर बंद करताना येणाऱ्या अडचणी : गरमच राहतो, पुन्हा तापत नाही, बाकीचे आवाज करतात

घरभर गरम पाणी फिरवणाऱ्या हीटिंगमध्ये वापरात नसलेल्या खोलीचा रेडिएटर बंद करणं हे दोन मिनिटांचं काम वाटतं. तरी दर हिवाळ्यात त्याच तीन तक्रारी येतात. व्हॉल्व्ह शून्यावर आणूनही रेडिएटर गरम राहतो. किंवा नीट बंद होतो, पण काही महिन्यांनी उघडल्यावर तापतच नाही. किंवा तो बंद केल्यापासून दुसऱ्याच खोलीतला रेडिएटर शिट्टीसारखा आवाज काढतो आणि बॉयलर सारखा चालू-बंद होतो. बहुतेक वेळा चुकीचा व्हॉल्व्ह फिरवलेला असतो, किंवा व्हॉल्व्ह बरोबर असतो पण आतून तो हललेलाच नसतो. म्हणून आधी व्हॉल्व्ह ओळखू.

कोणता व्हॉल्व्ह कशासाठी

साध्या पॅनेल रेडिएटरला खाली दोन टोकांना दोन नळ्या येतात आणि प्रत्येक नळीवर एक व्हॉल्व्ह असतो. एका टोकाला रोज हात लावायचा व्हॉल्व्ह असतो. त्यावर आकडे असतील तर तो थर्मोस्टॅटिक, म्हणजे टीआरव्ही. नुसती गोल मूठ असेल तर तो साधा हातव्हॉल्व्ह. दुसऱ्या टोकाला प्लास्टिकची गुळगुळीत टोपी असलेला व्हॉल्व्ह दिसतो, तो लॉकशील्ड. त्याची टोपी बहुधा नुसतीच गरगर फिरते, कारण ती आतल्या दांड्याला पकडतच नाही. टोपी वर ओढून काढली की आत पितळी दांडा दिसतो आणि तो पान्यानेच फिरतो.

लॉकशील्ड रोज चालू-बंद करण्यासाठी नसतो. कोणत्या रेडिएटरमधून किती पाणी जाऊ द्यायचं, हे त्यावर एकदाच ठरवून ठेवलेलं असतं. बॉयलरजवळचा रेडिएटर पाव किंवा अर्धा फेराच उघडा ठेवतात, म्हणजे दूरच्या खोल्यांनाही पाणी पोचतं. कुणी तो बंद केला आणि नंतर अंदाजाने पूर्ण उघडला, तर ती खोली लवकर तापते आणि घराच्या दुसऱ्या टोकाची खोली थंड पडते. मग दोष पंपाला दिला जातो. त्यामुळे खोली बंद ठेवायची असेल तर टीआरव्ही किंवा हातव्हॉल्व्हच फिरवावा. लॉकशील्डला हात लावायचा तो रेडिएटर भिंतीवरून उतरवताना किंवा गळती थांबवताना, आणि तेव्हाही फेरे मोजून.

हातव्हॉल्व्ह घड्याळाच्या काट्यांच्या दिशेने फिरवला की बंद होतो. शेवटी घट्ट लागला की थांबा. जोर लावून आवळल्याने तो जास्त बंद होत नाही, फक्त आतलं रबर चेपतं आणि पुढच्या वर्षी गळतं.

टीआरव्हीवरच्या आकड्यांचा अर्थही समजून घ्यायला हवा, कारण निम्मे गैरसमज तिथेच आहेत. हे आकडे पाण्याचं तापमान दाखवत नाहीत आणि पाण्याचा जोरही दाखवत नाहीत. ते खोलीच्या हवेचं तापमान दाखवतात. ३ म्हणजे साधारण २० अंश सेल्सियस, आणि एका आकड्याचा फरक म्हणजे सुमारे ३ ते ४ अंश. बर्फाच्या चांदणीची खूण म्हणजे ‘बंद’ नाही. खोली साधारण ६ ते ८ अंशांच्या खाली गेली की तिथे व्हॉल्व्ह आपणहून उघडतो, म्हणजे रेडिएटरमधलं पाणी गोठत नाही. काही हेडवर, म्हणजे टीआरव्हीच्या आकडे असलेल्या फिरत्या डोक्यावर, चांदणीच्या खाली ० असतं, तिथे व्हॉल्व्ह खरोखर बंद होतो. ज्यावर ० नाही, त्यावर चांदणी हीच शेवटची खूण. कडाक्याच्या थंडीत पहाटे असा रेडिएटर कोमट लागला तर काही बिघडलेलं नाही.

बंद केला तरी गरम

आधी हाताने नीट चाचपून पाहा. हीटिंग अर्धा तास चालू असताना व्हॉल्व्ह बंद करा आणि किमान तासभर थांबा. भरलेला रेडिएटर थंड व्हायला वेळ लागतो आणि मेणाचं संवेदक असलेलं हेड हळू चालतं. दहा मिनिटांत निष्कर्ष काढला तर तो चुकेल. तासाभराने काय लागतं, त्यावरून कारण ठरतं.

फक्त खालचा कोपरा, नळीपाशी विताएवढा भाग कोमट आणि बाकी सगळं गार असेल, तर व्हॉल्व्ह बंद आहे. नळीतली उष्णता धातूतून वर येते, आणि उघड्या राहिलेल्या दुसऱ्या टोकातून थोडं गरम पाणी आत-बाहेर होतं. तिथे काही करायचं नाही.

टीआरव्हीच्या बाजूची उभी कड आणि वरची पट्टी कोमट आणि बाकी थंड असेल, तर व्हॉल्व्ह झिरपतो आहे. बैठकीवर, म्हणजे व्हॉल्व्ह बंद होताना आतली तबकडी जिथे टेकते तिथे, गाळाचा किंवा गंजाचा कण अडकला की असं होतं. व्हॉल्व्ह पूर्ण उघडा, घरातले बाकीचे रेडिएटर थोडा वेळ बंद करा आणि पंप चालू ठेवा. सगळा जोर याच एका रेडिएटरवर आला की कण बरेचदा वाहून जातो. पाच-दहा मिनिटांनी इतर रेडिएटर पुन्हा उघडून हा बंद करून पाहा. दोन-तीन वेळा करूनही झिरपत राहिला तर आतला गाभा बदलावा लागेल.

संपूर्ण रेडिएटर नेहमीसारखाच तापला असेल, तर टीआरव्ही बंदच होत नाही. इथे पाना हातात घेण्याआधी हेड तपासा. हेडच्या तळाशी एक कडं असतं, आटे असलेलं किंवा दाबून बसणारं. ते सैल झालं की हेड दोन-तीन मिलिमीटर वर उचलून बसतं आणि खालच्या पिनला पुरतं दाबू शकत नाही. पिन दाबली गेली नाही तर व्हॉल्व्ह बंद होत नाही, मग वर आकडा ० असो की चांदणी. यावरून एक महत्त्वाची गोष्ट लक्षात घ्या: हेड काढून ठेवलं तर स्प्रिंगमुळे पिन वर येते आणि व्हॉल्व्ह पूर्ण उघडतो. सोफा ठेवायला अडचण होते म्हणून हेड काढून ठेवलं आणि खोली तापून निघाली, याचं कारण हेच.

हेड बसवताना ते आधी सर्वांत मोठ्या आकड्यावर आणा. तेव्हा आतला दट्ट्या मागे सरकलेला असतो, म्हणून कडं तळापर्यंत सहज आवळता येतं. ० वर ठेवून बसवायला गेलात तर दट्ट्या पिनवर अडतो, कडं अर्ध्यावरच घट्ट वाटतं, आणि हाच दोष पुन्हा तयार होतो. हाताने आवळून शेवटी पक्कडीने किंचित ताण द्या. मध्ये फडकं धरा, म्हणजे कड्यावर ओरखडे पडणार नाहीत.

हेड नवीन आणलं असेल तर ते त्या व्हॉल्व्हचंच आहे का, हे पाहा. बऱ्याच व्हॉल्व्हवर एम ३० × १.५ मापाचे आटे असतात, पण सगळ्यांवर नाही. आटे जुळले तरी पिनची उंची वेगळी असू शकते. मग हेड बसतं, फिरतं, पण बंद करत नाही. अशा वेळी व्हॉल्व्ह बनवणाऱ्याने सांगितलेलं अडॅप्टरच वापरावं. मध्ये वॉशर सारून केलेली जुळवणी फार काळ टिकत नाही.

साध्या हातव्हॉल्व्हच्या बाबतीत मूठ फिरते पण दांडा फिरत नाही, असं होतं. प्लास्टिकच्या मुठीच्या आतले दात झिजतात. मूठ काढा, पितळी दांडा पान्याने हळू फिरवून पाहा. तो फिरला आणि रेडिएटर थंड झाला, तर फक्त मूठ बदलली की काम झालं.

व्हॉल्व्ह बंद होताना ठकठक किंवा यंत्रासारखी घरघर ऐकू येत असेल, तर पाण्याची दिशा तपासा. व्हॉल्व्हच्या अंगावर बाण कोरलेला असतो. एकाच दिशेचा बाण असलेला टीआरव्ही पाणी बाहेर पडण्याच्या बाजूला उलटा बसवला असेल, तर बंद होण्याच्या बेतात असताना पाण्याचा जोर आतली तबकडी खेचतो, स्प्रिंग ती सोडवते, आणि हे सेकंदाला अनेकदा होतं. दोन्ही बाजूंना टोक असलेला बाण म्हणजे कसाही बसवता येणारा व्हॉल्व्ह. पाणी कुठून येतं, हे हीटिंग थंड असताना सुरू करून पाहिलं की कळतं: जी नळी आधी तापते ती आत येणारी.

रेडिएटर गार, तरी खोली गरम, असंही असतं. जमिनीखालून किंवा भिंतीतून इतर खोल्यांकडे जाणाऱ्या नळ्यांना उष्णतारोधक आवरण नसलं की त्याच खोली तापवतात. तिथे व्हॉल्व्ह बदलून काही साधत नाही.

उन्हाळ्यात हीटिंग बंद असताना, नळाचं गरम पाणी वापरलं की रेडिएटर तापत असेल, तर एकेक रेडिएटर बंद करत बसू नका. बॉयलरमधला पाणी वळवणारा व्हॉल्व्ह नीट बसत नाही, हे त्याचं लक्षण आहे आणि ते काम बॉयलरच्या तंत्रज्ञाचं.

बंद होता, आता उघडला तरी तापत नाही

ही सगळ्यांत जास्त आढळणारी तक्रार. कारण बहुधा पिन. महिनोन् महिने ० वर दाबून ठेवलेली पिन खालीच चिकटते. हेड वर गेलं तरी स्प्रिंग तिला उचलू शकत नाही.

हेड सर्वांत मोठ्या आकड्यावर आणून कडं सोडवा आणि हेड काढा. मधोमध धातूची बारीक पिन दिसेल. पान्याच्या सपाट बाजूने ती दाबा. चांगली पिन काही मिलिमीटर आत जाते आणि सोडल्यावर लगेच वर उसळते. तळाशी रुतून बसली असेल तर दाबताच येत नाही, कारण ती आधीच खाली असते. अशा वेळी व्हॉल्व्हच्या पितळी अंगावर बाजूने स्क्रूड्रायव्हरच्या मुठीने हलकं ठोका. पिनच्या मुळाशी सिलिकॉन स्प्रेचा एक थेंब सोडा आणि काही मिनिटं मुरू द्या. मग पक्कडीने पिन अगदी किंचित, मिलिमीटरभर वर घ्या, पुन्हा दाबा, पुन्हा घ्या. आठ-दहा वेळा केलं की ती मोकळी होते.

पक्कडीने पिन ओढून काढायचा प्रयत्न मात्र करू नका. काही व्हॉल्व्हमध्ये ती सबंध बाहेर येते आणि तिच्यामागून दाबाखालचं गरम पाणी. ६०-७० अंशांच्या पाण्याने क्षणात भाजतं. हे काम हीटिंग बंद करून, रेडिएटर आणि नळ्या थंड झाल्यावरच करावं. अंगठ्याने पिन दाबणंही टाळा. ती बारीक असते आणि जोर लावताना बोटात घुसते.

पिन मोकळी झाली पण तिच्या मुळाशी पाण्याचा थेंब दिसू लागला, तर तिथला लहान पॅकिंग नट घड्याळाच्या दिशेने एक अष्टमांश फेरा आवळा. बहुधा तेवढ्याने थांबतं. जास्त आवळलं तर पिन पुन्हा अडकते.

आता परीक्षा. हेड न बसवता हीटिंग चालू करा. पिन वर आहे, म्हणजे व्हॉल्व्ह पूर्ण उघडा आहे. रेडिएटर तापला तर दोष पिनचा किंवा हेडचा होता. हेड बसवल्यावर पुन्हा थंड पडला, तर हेडमधलं संवेदक संपलं आहे, किंवा हेडला चुकीची हवा लागते आहे. जाड पडद्यामागे किंवा फर्निचरच्या कोंदट फटीत असलेलं हेड रेडिएटरचीच ऊब ओळखतं आणि खोली थंड असताना बंद होतं. तिथे वायरीच्या टोकाला वेगळं संवेदक असलेलं हेड वापरावं लागतं.

पिन वर असूनही रेडिएटर थंड राहिला, तर टीआरव्ही निर्दोष आहे. पुढे लॉकशील्ड पाहा. टोपी काढून दांडा घड्याळाच्या दिशेने फिरवत किती फेऱ्यांत बंद होतो ते मोजा. तो हललाच नाही, तर कुणीतरी आधीच बंद करून ठेवला आहे. मूळ आकडा कुणाला आठवत नसेल तर बॉयलरजवळच्या रेडिएटरसाठी अर्ध्या फेऱ्यापासून आणि सर्वांत दूरच्यासाठी दीड फेऱ्यापासून सुरुवात करा. मग दोन्ही टोकांच्या नळ्यांवर तापमापक लावून फरक पाहा. आत येणारं आणि बाहेर जाणारं पाणी यांत किती फरक हवा, हे बॉयलरच्या पुस्तिकेत असतं. जुन्या पद्धतीच्या बॉयलरना सुमारे ११-१२ अंश ठरवत, कंडेन्सिंग बॉयलरना (धुरातल्या वाफेची उष्णताही वापरणाऱ्या) २० अंशांपर्यंत. फरक जास्त पडत असेल तर पाणी कमी जातंय, थोडं उघडा. एका वेळी अष्टमांश फेरा, आणि पंधरा-वीस मिनिटांची वाट. ही वाट न पाहता फिरवत राहिलं की सगळ्या घराचा तोल जातो.

वरचा भाग गार आणि खालचा गरम असेल तर आत हवा आहे. पंप बंद करून वरच्या कोपऱ्यातला हवेचा स्क्रू चौकोनी चावीने पाव ते अर्धा फेरा उलटा फिरवा, हिस्स आवाज संपून पाणी आलं की बंद करा. बंद ठेवलेल्या रेडिएटरमध्ये हवेसारखं जे साचतं ते पुष्कळदा हायड्रोजन असतं, पोलाद आतून गंजताना तयार झालेला. म्हणून हवा काढताना जवळ ज्योत नको. आणि दर दोन-चार आठवड्यांनी हवा काढावी लागत असेल, तर गंजरोधक द्रावण संपलं आहे असं धरून चाला. सीलबंद प्रणालीत हवा काढल्यावर दाब बघायचा: थंड असताना १ ते १.५ बार.

याउलट वर आणि दोन्ही कडांना गरम पण खाली मधोमध गार, तर तळाशी काळा गाळ बसलेला आहे. पाणी थांबून राहिलं की तो खाली बसतो आणि घट्ट होतो. हवा काढून याला उपाय नाही. रेडिएटर उतरवून बाहेर नेऊन होजपाइपच्या जोराने धुवावा लागतो.

हे पुन्हा होऊ नये म्हणून एवढंच करायचं: हीटिंगचा मोसम संपला की सगळे टीआरव्ही पूर्ण उघडे ठेवा, म्हणजे पिन वर राहील. आणि हिवाळ्यात बंद ठेवलेला टीआरव्ही महिन्यातून एकदा टोकापासून टोकापर्यंत फिरवा. बॅटरीवर चालणारी स्मार्ट हेड आठवड्यातून एकदा स्वतःच ही कसरत करतात, म्हणून पिन चिकटण्याच्या बाबतीत ती खरंच बरी. पण बॅटरी संपली की अनेक हेड आहे त्या जागी थांबतात. बॅटरी बदलल्यावर हेडला पिनची हालचाल नव्याने मोजू द्यावी लागते. ते केलं नाही तर ‘बंद’ दाखवत असतानाही हेड पिनला पुरतं दाबत नाही.

एक बंद केला, आणि बाकीचे बिघडले

पंप ठरावीक वेगाने चालणारा असेल, तर एकामागून एक रेडिएटर बंद होत गेले की उरलेल्यांवरचा दाब वाढतो. अर्धवट उघड्या टीआरव्हीमधून पाणी जोराने घुसतं आणि शिट्टी वाजते. पंपावर वेगाचे तीन टप्पे असतील तर एक खाली आणा. नव्या पंपांना स्थिर दाबाची पद्धत असते, ती निवडली तर पंप स्वतःच सावरतो.

दोन-तीन सोडून सगळे रेडिएटर बंद असतील, तर अडचण बॉयलरची होते. समजा बॉयलर कमीत कमी ६ किलोवॅटवर जळू शकतो आणि उघडा आहे एकच, दीड किलोवॅटचा रेडिएटर. उरलेली उष्णता कुठे जाणार? पाणी मिनिटाभरात ठरलेल्या तापमानाला पोचतं, ज्योत विझते, पाणी निवतं, ज्योत पेटते. या सारख्या चालू-बंदमुळे इंधन वाचत नाही आणि प्रज्वलनाचे भाग झिजतात. पाण्याचं तापमान खाली आणणं हा पहिला उपाय. कंडेन्सिंग बॉयलरला ते तसंही मानवतं, कारण परतीचं पाणी सुमारे ५५ अंशांच्या खाली असलं तरच गॅसच्या धुरातली वाफ द्रवून तिची उष्णता हाती लागते.

पाण्याला फिरायला नेहमी एक वाट मोकळी हवी. ती दोन प्रकारे ठेवतात. एक तर टीआरव्ही नसलेला एक रेडिएटर कायम उघडा, बहुधा न्हाणीघरातला टॉवेल वाळवायचा, किंवा मग जाणारी आणि येणारी नळी यांच्यामध्ये आपोआप उघडणारा बायपास व्हॉल्व्ह. त्या टॉवेलच्या रेडिएटरवर टीआरव्ही नसणं ही चूक वाटते, पण तसं मुद्दाम ठेवलेलं असू शकतं. बायपास आहे का हे पाहिल्याशिवाय तो बंद करू नये. बायपास बरोबर लावला आहे का, हे ओळखणं सोपं: सगळे रेडिएटर उघडे असताना त्याच्या पुढची नळी थंड हवी, बहुतेक बंद केल्यावर ती तापायला हवी. कायम गरम असेल तर तो फार हलका लावलेला आहे आणि गरम पाणी खोल्यांत न जाता परत जातं.

भिंतीवरचा थर्मोस्टॅट ज्या खोलीत आहे तिथला रेडिएटर कधीही बंद करू नका. ती खोली तापणार नाही, थर्मोस्टॅट उष्णता मागत राहील आणि बॉयलर थांबणार नाही. त्या खोलीत टीआरव्ही असेल तर तो पूर्ण उघडा ठेवावा. तो मध्येच बंद झाला तरी हाच घोळ होतो.

पूर्ण बंद करावं का?

बहुतेक वेळा करू नये, असं आमचं स्पष्ट मत आहे. घराच्या आतल्या भिंतींना उष्णतारोधन नसतं. शेजारच्या गरम खोलीची उष्णता भिंतीतून आणि दाराच्या फटीतून त्या थंड खोलीत जात राहते, आणि शेजारच्या रेडिएटरला जास्त काम पडतं. काही बचत नक्की होते, पण खोलीच्या आकारावरून वाटते तेवढी नाही.

खरा धोका ओलीचा. बाकी घर २० अंशांवर आणि हवेतली सापेक्ष आर्द्रता ५० टक्के, असं धरा. तीच हवा बंद खोलीत शिरून १५ अंशांना निवली, तर आर्द्रता सुमारे ६९ टक्के होते. १२ अंशांना ८३ टक्के. ९ अंशांच्या आसपास पाणीच सुटतं. पृष्ठभागाजवळची आर्द्रता दीर्घकाळ ८० टक्क्यांवर राहिली की बुरशी धरते, आणि बाहेरच्या भिंतीचा कोपरा खोलीच्या हवेपेक्षा नेहमीच थंड असतो. म्हणून टीआरव्ही चांदणीवर न ठेवता १ ते २ च्या मध्ये, साधारण १५ अंशांवर ठेवा. खोलीचं दार बंद ठेवा, म्हणजे स्वयंपाकाची आणि अंघोळीची वाफ तिकडे जाणार नाही. कपाटं बाहेरच्या भिंतीपासून चार बोटं दूर. खिडकी उघडून हवा खेळवायची असेल तर तेवढा वेळ टीआरव्ही खाली आणा, नाहीतर थंड झोत लागून तो पूर्ण उघडतो.

हिवाळाभर रिकाम्या राहणाऱ्या घरात ० वापरूच नये. पाणी गोठताना आकारमानाने सुमारे ९ टक्के वाढतं आणि दोन्ही टोकांनी बंद केलेल्या रेडिएटरला फुटण्यावाचून वाट राहत नाही.

रंगकामासाठी उतरवताना

इथे टीआरव्हीच्या ० वर विसंबू नका, चांदणीवर तर नाहीच. हीटिंग नसलेली खोली रात्रीतून थंड होते, चांदणीवरचं हेड पिन सोडतं आणि उघड्या तोंडातून पाणी खोलीभर होतं. हेड काढून त्या जागी हाताने आवळायची बंद करणारी टोपी लावा. ती बऱ्याच व्हॉल्व्हसोबत येते आणि हरवते. शिवाय व्हॉल्व्हच्या उघड्या तोंडावर आट्यांची पितळी बूच बसवा. रेडिएटर उतरवून रात्रभर ठेवायचा असेल तर बूच हवीच.

क्रम असा. हीटिंग बंद करून सगळं थंड होऊ द्या. टीआरव्ही टोपीने बंद करा. लॉकशील्ड बंद करताना फेरे मोजा आणि आकडा कागदावर, शक्यतो रेडिएटरच्या मागेच लिहा: ‘सव्वा’, ‘पाऊण’. नळीच्या जोडाखाली पसरट भांडं आणि जुनी फडकी ठेवा. एका पान्याने व्हॉल्व्हचं अंग धरून ठेवा, दुसऱ्याने मोठा नट सैल करा. अंग न धरता जोर लावला तर तांब्याची नळी पिळवटते. नट थोडा सैल झाला की आधी थोडं पाणी येऊन थांबायला हवं. ते थांबेना, तर व्हॉल्व्ह बंद झालेला नाही. नट परत आवळा. थांबलं, तरच वरचा हवेचा स्क्रू उघडा, म्हणजे उरलेलं पाणी उतरेल. दुहेरी पॅनेलच्या, ६० सेंटिमीटर उंच आणि मीटरभर लांब रेडिएटरमध्ये ५-६ लिटर पाणी असतं आणि पाण्याशिवाय वजन ३० किलोच्या आसपास. दोघांनी उचलावा. पाणी काळं असतं आणि गालिच्यावरचा डाग जात नाही.

परत बसवल्यावर आधी लॉकशील्ड मोजलेले फेरे उघडा, मग टीआरव्ही. हवा काढा, दाब पुन्हा १ ते १.५ बारवर आणा आणि गेलेल्या पाण्याच्या मानाने गंजरोधक द्रावण टाका. दुसऱ्या दिवशी गरम असताना आणि थंड असताना दोन्ही जोड कोरड्या कागदाने पुसून पाहा. डोळ्यांना न दिसणारी गळती कागदावर दिसते.

वेगळ्या मांडणीची घरं

वरचं सगळं दोन नळ्यांच्या मांडणीला लागू आहे. एकाच नळीच्या वेढ्यावर रेडिएटर जोडलेले असतील, तर एक बंद केल्यावर पुढच्यांना जास्त गरम पाणी मिळतं आणि ते जास्त तापतात. अशा मांडणीत कमी अडथळ्याचे, रुंद वाटेचे टीआरव्ही लागतात. नेहमीचा अरुंद टीआरव्ही लावला तर रेडिएटर उघडा असूनही कोमटच राहतो, कारण पाण्याला खालची नळी सोपी पडते. बहुमजली इमारतीत मजल्यामजल्यातून जाणाऱ्या एकाच उभ्या नळीवर, आणि तेही बाजूची वाट न ठेवता, रेडिएटर जोडलेला असेल, तर तो बंद करणं म्हणजे त्या ओळीतल्या शेजाऱ्यांचंही पाणी अडवणं. आधी रेडिएटरच्या आधी दोन नळ्यांना जोडणारा आडवा तुकडा आहे का ते पाहा.

उष्णता पंप असेल तर खोल्या बंद करण्याची सवय सोडावी. तो कमी तापमानाचं पाणी भरपूर फिरवून चालतो. रेडिएटर बंद करत गेलं की पाण्याचा ओघ आणि साठा दोन्ही घटतात, उरलेल्या खोल्यांसाठी पाणी जास्त तापवावं लागतं आणि त्याची कार्यक्षमता पडते.

एका नळीच्या वाफेच्या रेडिएटरचा नियम अगदी वेगळा. तिथला व्हॉल्व्ह पूर्ण उघडा किंवा पूर्ण बंद, मधली जागा नाही. वाफ ज्या नळीने येते त्याच नळीने तिचं पाणी परत जातं. अर्धवट बंद केलं तर ते पाणी अडतं, वाफ त्यावर आदळते आणि नळ्यांतून हातोडीसारखे दणके ऐकू येतात. अशा खोलीतली उष्णता कमी करायची असेल तर नळीवरच्या व्हॉल्व्हला हात न लावता, हवा सोडणाऱ्या तोंडावर बसणारा थर्मोस्टॅटिक व्हॉल्व्ह लावतात. हवा बाहेर पडली नाही की वाफ आत येत नाही.